नेवेना कोकानोवा : बल्गेरियन चित्रपटातील एका कलाजीवनाचा इतिहास

१

नटाच्या कार्याचा इतिहास लिहिणे हे एका अर्थी अवघड काम आहे. कवीचे काव्य, चित्रकाराचे चित्र किंवा दिग्दर्शकाची कलाकृती ही त्याच्या नावावर स्वतंत्रपणे मांडता येते. नटाचे काम मात्र दुसऱ्यांनी लिहिलेल्या शब्दांत, दुसऱ्यांनी आखलेल्या दृश्यांत आणि दुसऱ्यांनी ठरविलेल्या प्रकाशात घडत असते. त्यातही चित्रपट-व्यवसाय संपूर्णपणे शासनाच्या मालकीचा असेल, तर कोणती कथा घ्यावयाची, ती कोणी लिहावयाची आणि ती पडद्यावर यावी की नाही, हे सर्व निर्णय नटाच्या आवाक्याबाहेरच होतात. अशा स्थितीत अभिनेत्रीच्या वाट्याला स्वतःचे असे काय उरते, हा प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकाने विचारण्यासारखा आहे. या प्रश्नाचे उत्तर तात्त्विक चर्चेतून मिळण्यापेक्षा एखाद्या विशिष्ट कलाजीवनाच्या तपासणीतून मिळणे अधिक संभवनीय होय.

या दृष्टीने बल्गेरियातील अभिनेत्री नेवेना कोकानोवा (१९३८-२०००) हिची कारकीर्द विशेष उद्बोधक ठरते. तिच्या देशात तिला ‘बल्गेरियन चित्रपटाची प्रथम महिला’ असे संबोधण्याची प्रथा पडली. पन्नासांहून अधिक चित्रपटांतून तिने कामे केली. परंतु ही संख्या किंवा ही उपाधी हे तिच्या अभ्यासाचे खरे कारण नव्हे. समाजवादी राष्ट्राच्या अधिकृत कलाविचारात ज्या स्त्रीला जवळजवळ जागाच नव्हती, त्या स्त्रीला, म्हणजे संशयग्रस्त, एकाकी, स्वतःच्या सुखाविषयी प्रश्न विचारणाऱ्या सुशिक्षित स्त्रीला, कोकानोवाने पडद्यावर प्रतिष्ठा मिळवून दिली. ही गोष्ट कशी घडली, तिला कोणत्या परिस्थितीची अनुकूलता लाभली आणि तिच्या मर्यादा कोणत्या होत्या, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

२

प्रथम त्या देशातील चित्रपट-व्यवसायाची पार्श्वभूमी थोडक्यात पाहणे आवश्यक आहे. बल्गेरियातील पहिला कथापट म्हणून ‘बल्गेरियन माणूस रसिक असतो’ अशा अर्थाच्या शीर्षकाचा विनोदी चित्रपट मानला जातो. तो १९१५ साली प्रदर्शित झाला आणि त्याचा कर्ता वासिल गेंडोव हा स्वतःच त्याचा नायकही होता. पुढे १९३३ साली गेंडोवनेच ‘गुलामांचे बंड’ हा पहिला बल्गेरियन बोलपट काढला. दोन महायुद्धांच्या दरम्यानच्या काळात तेथे चित्रपट निघत राहिले. परंतु देश लहान, भाषा बोलणाऱ्यांची संख्या बेताची आणि भांडवल अपुरे असल्यामुळे तो व्यवसाय काही उत्साही व्यक्तींच्या खटपटीवरच अवलंबून राहिला. एखाद्या अभिनेत्रीने केवळ चित्रपटाच्या आधारावर आपले आयुष्य उभारावे अशी परिस्थिती त्या काळी नव्हती.

१९४४ सालच्या सत्तांतरानंतर आणि विशेषतः १९४८ सालच्या राष्ट्रीयीकरणानंतर हे चित्र पालटले. चित्रपटनिर्मिती, वितरण आणि प्रदर्शन ही तिन्ही अंगे शासनाच्या हाती आली. सोफियाच्या उपनगरातील बोयाना येथे कालांतराने मोठे चित्रपट-निर्मितीकेंद्र उभे राहिले. १९५० साली ‘कालिन गरुड’ आणि १९५२ साली इव्हान वाझोवच्या सुप्रसिद्ध कादंबरीवर आधारलेला, दाको दाकोव्स्की दिग्दर्शित ‘जोखडाखाली’ हे चित्रपट प्रदर्शित झाले. व्यवसायाला स्थैर्य मिळाले, तंत्रज्ञांना नियमित काम मिळाले, नटांना वेतन मिळू लागले. तथापि या स्थैर्याची किंमत मोजावी लागलीच. कथानकांचा साचा ठरून गेला. तुर्की सत्तेविरुद्धचा लढा, फॅसिझमविरुद्धचा प्रतिकार आणि नव्या समाजाची उभारणी हे विषय मान्य झाले; आणि त्यांत स्त्रीची भूमिका प्रायः शूर सहकारिणीची, शोकाकुल मातेची किंवा कारखान्यातील उत्साही कामगार युवतीची असे. या स्त्रीला अंतःकरण होते, पण अंतर्द्वंद्व नव्हते.

१९५६ सालच्या एप्रिल महिन्यात बल्गेरियन कम्युनिस्ट पक्षाच्या मध्यवर्ती समितीची जी बैठक झाली, तिने वलको चेर्वेन्कोव याच्या व्यक्तिपूजेवर टीका केली आणि तोदोर झिव्कोव याच्या सत्तेचा पाया घातला. या बैठकीनंतर कलेच्या क्षेत्रात काहीसा मोकळेपणा आला. मात्र या मोकळेपणाचे स्वरूप अनिश्चित होते, हे ध्यानात ठेवले पाहिजे. बिन्का झेल्याझ्कोवा हिने १९५७ साली केलेला ‘आयुष्य शांतपणे वाहत आहे’ हा चित्रपट जुन्या क्रांतिकारकांच्या नैतिक ऱ्हासाविषयी बोलत होता, म्हणून तो अडविण्यात आला आणि सुमारे तीन दशके प्रेक्षकांपुढे येऊ शकला नाही. उलट त्याच काळात रांगेल व्हल्चानोव याचा ‘लहानशा बेटावर’ (१९५८) आणि कोनराड वोल्फ याचा जर्मन-बल्गेरियन सहनिर्मितीतील ‘तारे’ (१९५९) हे चित्रपट निघाले, आणि ‘तारे’ या चित्रपटाला कान येथील महोत्सवात पुरस्कारही मिळाला. सारांश, दार उघडले होते. पण ते केव्हा आणि कोणावर बंद होईल याची शाश्वती नव्हती. कोकानोवाच्या कारकिर्दीचा आरंभ नेमका याच वेळी झाला.

३

नेवेना कोकानोवा हिचा जन्म १२ डिसेंबर १९३८ रोजी नैर्ऋत्य बल्गेरियातील दुपनित्सा या गावी झाला. तंबाखूचा व्यापार आणि तंबाखूची प्रक्रिया यांसाठी हे गाव प्रसिद्ध होते. पुढे तिची कीर्ती ज्या चित्रपटाने प्रस्थापित झाली त्याचा विषयही तंबाखूचाच व्यापार असावा, हा योगायोग लक्षणीय आहे.

तिने सोफियातील शासकीय नाट्य-अकादमीत शिक्षण घेतलेले नव्हते. वयाच्या अठराव्या वर्षी ती देशाच्या आग्नेय भागातील याम्बोल या शहरातील नाट्यगृहात उमेदवार अभिनेत्री म्हणून दाखल झाली. ही बाब वरवर पाहता किरकोळ वाटते. परंतु तिचे महत्त्व दोन प्रकारचे आहे. त्या काळी अकादमीत रंगभूमीसाठी जे शिक्षण दिले जाई, त्यात स्पष्ट शब्दोच्चार, ठाशीव हालचाल आणि भावनेचे पूर्ण प्रकटीकरण यांवर भर असे. अशा शिक्षणात मुरलेल्या नटाला कॅमेऱ्यापुढे आपला अभिनय कमी करण्यास शिकावे लागते. कोकानोवाला असे काही विसरावयाचे नव्हते. दुसरे असे की, प्रांतिक नाट्यगृहात नवशिक्या नटीला आज एक तर उद्या दुसरी अशा भूमिका कराव्या लागतात आणि तेथे प्रत्यक्ष काम हेच शिक्षण असते. पुढे सोफियातील शासकीय उपहास-नाट्यगृहात तिने दीर्घकाळ काम केले. विनोद आणि उपहास यांना वाहिलेल्या या संस्थेत काम करणारी अभिनेत्री पडद्यावर मात्र शोकगंभीर नायिका म्हणून ओळखली गेली, ही विसंगती तिच्या आवाक्याची साक्ष देते.

चित्रपटात तिचा प्रवेश १९५६ साली बोरिस्लाव शारालिएव याच्या ‘दोन विजय’ या चित्रपटातील लहानशा कामाने झाला. लगेच १९५७ साली यांको यांकोव दिग्दर्शित ‘प्रेमाची वर्षे’ या चित्रपटात तिला प्रमुख भूमिका मिळाली. या आरंभीच्या कामांत पुढील काळातील कोकानोवा पूर्णपणे दिसत नाही. परंतु तिचा चेहरा कॅमेऱ्याला मानवतो, हे निर्मितीकेंद्रातील मंडळींच्या लक्षात आले. हे लक्षात येणे आणि त्या चेहऱ्याचे काय करावयाचे हे समजणे यांत आणखी पाच वर्षे गेली.

४

दिमितर दिमोव याची ‘तंबाखू’ ही कादंबरी १९५१ साली प्रसिद्ध झाली. तंबाखूच्या व्यापारातील ‘निकोतियाना’ ही बलाढ्य पेढी, तिचा महत्त्वाकांक्षी सूत्रधार बोरिस मोरेव आणि त्याच्यावर प्रेम करणारी इरिना यांच्या कथेतून दिमोवने महायुद्धपूर्व आणि महायुद्धकालीन बल्गेरियाचे विस्तृत चित्र रंगविले होते. १९५२ साली लेखक-संघात या कादंबरीवर कडाडून टीका झाली. भांडवलदार वर्गातील पात्रे अधिक सजीव उतरली असून कामगारांचे चित्र फिके आहे, असा या टीकेचा मुख्य आशय होता. पक्षाच्या मुखपत्राने नंतर लेखकाची बाजू उचलून धरली. तरीही दिमोवने कादंबरीचे पुनर्लेखन केले आणि १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या आवृत्तीत लीला ही कामगार नायिका नव्याने घातली. मूळ संहिता पुन्हा वाचकांच्या हाती येण्यास १९९० नंतरचे दशक उजाडावे लागले.

या वादाचे मर्म असे की, इरिना ही व्यक्तिरेखा अधिकृत कलाविचाराला पचत नव्हती. ती एका पोलिसाची मुलगी. हुशार, वैद्यकाचे शिक्षण घेतलेली. बोरिसवर निष्ठेने प्रेम करणारी. बोरिस पेढीच्या मालकाच्या मुलीशी लग्न करून वैभवाच्या शिखरावर चढतो आणि इरिना कालांतराने त्याच जगात ओढली जाते. ऐश्वर्य भोगता भोगता तिच्या अंतःकरणाचा ओलावा आटत जातो. ती खलनायिका नाही आणि आदर्श नायिकाही नाही. आपण काय गमावीत आहोत हे तिला कळते, आणि कळूनही ती थांबत नाही. लेखकाची सहानुभूती तिच्याकडे आहे, ही गोष्ट नव्याने घातलेली लीलादेखील झाकू शकली नाही.

निकोला कोराबोव याने या कादंबरीवर चित्रपट केला तो १९६२ साली. इरिनेच्या भूमिकेसाठी तेवीस वर्षांच्या कोकानोवाची निवड झाली. ही भूमिका कोवळ्या तारुण्यापासून परिपक्व आणि थकलेल्या स्त्रीपर्यंत एका संपूर्ण आयुष्याचा पट व्यापणारी होती. कादंबरीत इरिनेचे परिवर्तन समजावून सांगण्यासाठी लेखकापाशी शेकडो पृष्ठे होती. पडद्यावर ते काम प्रामुख्याने चेहऱ्याने करावयाचे होते. कोकानोवाने ज्या पद्धतीने हे साधले तिला संयमाची पद्धत म्हणता येईल. भावनेचा उद्रेक दाखविण्याऐवजी तो आवरण्याचा प्रयत्न दाखविणे, बोलण्याच्या आधीचे मौन किंचित लांबविणे आणि नजर स्थिर ठेवून त्या स्थिरतेतच दुःख सूचित करणे, ही तिच्या अभिनयाची वैशिष्ट्ये येथे प्रथम स्पष्ट झाली. १९६३ साली हा चित्रपट कान येथील महोत्सवाच्या स्पर्धेत दाखविण्यात आला. वर्गीय कसोटीवर दोषी ठरविलेली स्त्री अशा रीतीने आपल्या देशाच्या वतीने आंतरराष्ट्रीय रसिकांपुढे उभी राहिली.

याच सुमारास, १९६३ साली, व्हल्चानोवच्या ‘इन्स्पेक्टर आणि रात्र’ या चित्रपटातही तिने काम केले. बोगोमिल राइनोव याने लिहिलेल्या या गुन्हेकथेत गेओर्गी कालोयान्चेव हा इन्स्पेक्टरच्या भूमिकेत होता. तपासाच्या निमित्ताने शहरी जीवनातील एकाकीपणाचे दर्शन घडविणारा हा चित्रपट आहे. ‘तंबाखू’च्या भव्य ऐतिहासिक पटावरून समकालीन सोफियाच्या रात्रीत येऊनही कोकानोवाचा पिंड बदलत नाही. तिचे दुःख केवळ नष्ट झालेल्या वर्गाचे आहे, असे म्हणण्याची सोय या चित्रपटाने ठेवली नाही.

५

‘तंबाखू’ चित्रपटाचे छायालेखन व्हलो रादेव याने केले होते. दोन वर्षांनी, १९६४ साली, हाच रादेव दिग्दर्शक म्हणून पुढे आला आणि त्याच्या ‘पीच फळांचा चोर’ या पहिल्याच कथापटात नायिकेचे काम कोकानोवाकडे होते. या चित्रपटाचे छायालेखन तोदोर स्तोयानोव याने केले. पुढे १९६७ साली स्तोयानोवने ग्रिशा ओस्त्रोव्स्की याच्यासह ‘वळण’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्यातही नायिका कोकानोवाच होती. पहिल्या चित्रपटाचा छायालेखक दुसऱ्याचा दिग्दर्शक होतो, दुसऱ्याचा छायालेखक तिसऱ्याचा सहदिग्दर्शक होतो, आणि तिन्ही ठिकाणी मध्यभागी एकच अभिनेत्री आहे. ही साखळी केवळ योगायोगाची मानता येत नाही. ज्यांनी तो चेहरा कॅमेऱ्याच्या भिंगातून महिनोमहिने न्याहाळला होता, त्यांना त्याचे मोल संवादलेखकांपेक्षा आणि संहिता मंजूर करणाऱ्या समित्यांपेक्षा अधिक चांगले ठाऊक होते, असे अनुमान करण्यास जागा आहे.

‘पीच फळांचा चोर’ हा एमिलियान स्तानेव याच्या दीर्घकथेवर आधारलेला आहे. काळ पहिल्या महायुद्धाच्या अखेरचा, १९१८ सालचा; स्थळ टर्नोवो हे जुने राजधानीचे शहर, जे स्तानेवचे जन्मस्थानही होय. गावातील सैनिकी ठाण्याचा प्रमुख असलेल्या वयस्क कर्नलची पत्नी लिझा निरपत्य आणि निरानंद आयुष्य कंठीत आहे. कर्नलच्या बागेत एक सर्बियन युद्धकैदी, इव्हो ओब्रेतेनोविच, भुकेपोटी पीच फळे चोरण्यास येतो. त्या चोरीतून भेट होते, भेटीतून प्रेम निर्माण होते. आणि इकडे आघाडी कोसळण्याच्या बेतात असते, सैन्यात असंतोष माजलेला असतो. शेवटी तो कैदी बागेच्या पहारेकऱ्याच्या गोळीला बळी पडतो. युद्धाने ठरविलेल्या नियमांपुढे दोन माणसांच्या खाजगी सुखाला काहीच किंमत नाही, हे कथेचे सूत्र आहे.

या कथेचे ऐतिहासिक औचित्य समजण्यासाठी बल्गेरिया आणि सर्बिया यांच्या संबंधांचे स्मरण ठेवले पाहिजे. १८८५ सालचे युद्ध, १९१३ सालचे दुसरे बाल्कन युद्ध आणि दोन महायुद्धे यांत हे शेजारी एकमेकांविरुद्ध उभे राहिले होते. १९४८ साली स्टालिन आणि टिटो यांच्यात बिघाड झाल्यानंतर तर बल्गेरिया आणि युगोस्लाव्हिया यांच्यातील वैराला नवी धार चढली. अशा पार्श्वभूमीवर सर्बियन सैनिक हा प्रेमकथेचा नायक असावा, बल्गेरियन अधिकाऱ्याच्या पत्नीने त्याच्यावर प्रेम करावे आणि ती भूमिका राडे मार्कोविच या युगोस्लाव्ह नटाने करावी, या गोष्टींना राजकीय अर्थ होताच. मिखाइल मिखाइलोव याने वठविलेला कर्नलही केवळ दुष्ट नाही; आपल्या कर्तव्याच्या कल्पनेत बंदिस्त झालेला तो एक माणूस आहे. त्यामुळे लिझेचा अपराध क्षम्य ठरविण्यासाठी पतीला काळा रंगविण्याची सोपी वाट चित्रपटाने टाळली आणि नायिकेवरील भार तितकाच वाढला.

हा भार कोकानोवाने पेलला. लिझा ही राजकीय दृष्ट्या जागृत स्त्री नाही. युद्ध चूक की बरोबर याविषयी तिला काही सांगावयाचे नाही. तिला फक्त जगावयाचे आहे. एका विवाहित स्त्रीची शत्रुपक्षाच्या कैद्याविषयीची ओढ आणि त्या ओढीमुळे वाटणारी लाज ही दोन्ही एकाच वेळी दिसली पाहिजेत, ही या भूमिकेची मुख्य अडचण होती. कोकानोवाची लिझा लाजते, पण पश्चात्ताप करीत नाही. प्रेक्षकाने तिला न्यायासनासमोर उभे करावे अशी वेळ ती येऊच देत नाही. बल्गेरियन चित्रपटाच्या इतिहासात या कृतीला जे अग्रस्थान दिले जाते, त्यात या भूमिकेचा वाटा मोठा आहे.

६

इरिना आणि लिझा या दोघीही भूतकाळातील स्त्रिया होत. त्यांच्या दुःखाला जुनी समाजव्यवस्था कारणीभूत होती, असे म्हणण्यास अधिकृत टीकाकारांना वाव होता. १९६७ सालच्या ‘वळण’ या चित्रपटाने मात्र हा वाव ठेवला नाही. कवयित्री ब्लागा दिमित्रोवा हिने लिहिलेल्या या कथेतील नेदा ही पुरातत्त्वज्ञ आहे आणि बोयान हा अभियंता. सतरा वर्षांच्या अंतराने त्यांची रस्त्यावर अकस्मात भेट होते आणि सोफियाकडील प्रवासात त्यांना आपल्या विद्यार्थिदशेतील प्रेम आठवते. ते प्रेम १९४० नंतरच्या दशकाच्या अखेरीस, क्रांतीच्या पहिल्या आवेशात, फुलले आणि त्याच आवेशात करपले. प्रेम, मत्सर, निष्ठा या भावनांना ‘बुर्झ्वा अवशेष’ समजणाऱ्या तरुणांनी स्वतःच्याच हातांनी आपले सुख नाकारले होते. बोयानची भूमिका इव्हान आन्दोनोव याने केली.

येथे दोषी कोण? जुना समाज नव्हे, शत्रू नव्हे, युद्धही नव्हे. नेदा ही त्याच व्यवस्थेत वाढलेली, शिकलेली, प्रतिष्ठित झालेली स्त्री आहे. आणि तरीही तिच्या आयुष्यात एक न भरून येणारी पोकळी आहे. मातीखालचे अवशेष शोधणे हा जिचा व्यवसाय, तिला स्वतःच्या भूतकाळाचे उत्खनन करावे लागते. ही कल्पना कथेत ठळकपणे मांडलेली आहे; ती कृत्रिम वाटत नाही याचे श्रेय अभिनयाला द्यावे लागेल. कोकानोवाच्या नेदेत तक्रारीचा सूर नाही. आपण काय केले हे तिने ओळखले आहे आणि त्याची जबाबदारी ती दुसऱ्यावर टाकीत नाही. चित्रपटाच्या शेवटी दोघे पुन्हा आपापल्या वाटेने जातात.

मॉस्को येथील १९६७ सालच्या महोत्सवात या चित्रपटाला विशेष पारितोषिक आणि आंतरराष्ट्रीय टीकाकार-संघाचे पारितोषिक मिळाले. ज्या राजधानीतून कलेच्या अधिकृत सिद्धांतांचा प्रसार झाला, तेथेच त्या सिद्धांतांच्या मानवी किमतीचा हिशेब मांडणाऱ्या चित्रपटाचा गौरव व्हावा, हे त्या अल्पकालीन मोकळिकीचे वैशिष्ट्यपूर्ण उदाहरण होय. ब्लागा दिमित्रोवा ही पुढे शासनाच्या रोषास पात्र झाली आणि सत्तापालटानंतर १९९२ ते १९९३ या काळात देशाची उपराष्ट्राध्यक्ष झाली, हेही येथे नमूद केले पाहिजे.

७

यावरून कोकानोवाची कारकीर्द म्हणजे शासनाविरुद्धच्या बंडाची कथा होय, असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. ती शासकीय व्यवस्थेतच वाढली, त्याच व्यवस्थेने तिला मान दिला आणि अनेक सामान्य चित्रपटांतूनही तिने कामे केली. तिचा पती ल्युबोमिर शार्लांजिएव हा दिग्दर्शक होता आणि त्याच्या अनुभवावरून त्या व्यवस्थेच्या मर्यादा स्पष्ट होतात. १९६७ साली त्याने ‘बदामाचा गंध’ हा चित्रपट केला. त्यानंतर १९६८ साली गेओर्गी जागारोव याच्या नाटकावरून केलेला ‘सरकारी वकील’ हा चित्रपट, पूर्वीच्या दडपशाहीचा विषय असल्यामुळे, दीर्घकाळ प्रदर्शनाबाहेर ठेवण्यात आला. झेल्याझ्कोवाचा ‘बांधलेला फुगा’ (१९६७) हाही याच सुमारास मागे घेण्यात आला. १९६८ सालच्या ऑगस्टमध्ये चेकोस्लोव्हाकियात शिरलेल्या सैन्यांत बल्गेरियन सैन्यही होते. दार पुन्हा लोटले गेले होते.

या बदलाचा अभिनेत्रीच्या जीवनावर परिणाम झाल्याशिवाय राहिला नाही. १९६२ ते १९६७ या पाच वर्षांत इरिना, लिझा आणि नेदा अशा तीन श्रेष्ठ भूमिका तिच्या वाट्याला आल्या; त्यानंतर तीस वर्षे ती काम करीत राहिली तरी तशी भूमिका तिला क्वचितच मिळाली. याला राजकीय कारणाप्रमाणेच कलेतील अभिरुचीचा पालटही कारणीभूत होता. १९७२ साली मेतोदी आन्दोनोव याचा ‘बोकडाचे शिंग’ हा चित्रपट आला. निकोलाय हाइतोवच्या कथेवरील या सूडकथेत कात्या पास्कालेवा हिने माता आणि कन्या अशा दोन्ही भूमिका केल्या. मितभाषी, रांगडी, डोंगराळ प्रदेशातील ही नायिका कोकानोवाच्या सुसंस्कृत नागर नायिकेहून अगदी भिन्न होती. पाच वर्षांनी ल्युदमिल किर्कोव याच्या ‘मातृसत्ता’ (१९७७) या चित्रपटात दोघींनीही कामे केली. पुरुष कामधंद्यासाठी शहराकडे गेल्यामुळे केवळ स्त्रियांच्या श्रमावर चालणारे खेडे हा त्या चित्रपटाचा विषय होता. गेओर्गी मिशेवने लिहिलेल्या या कथेत एकच नायिका नाही, स्त्रियांचा समूह आहे. आपल्या नावाभोवती वलय असलेल्या अभिनेत्रीने समूहातील एक होऊन शेतावरच्या बाईचे काम करावे, यात तिच्या व्यावसायिक वृत्तीचा प्रत्यय येतो.

१९७९ साली शार्लांजिएवचे निधन झाले. ‘तीन महापातके’ हा त्याचा चित्रपट त्या वेळी अपुरा राहिला होता. तो कोकानोवाने पूर्ण केला आणि १९८० साली तो दोघांच्या नावाने प्रदर्शित झाला. चोवीस वर्षे कॅमेऱ्यापुढे उभी राहिलेली स्त्री या निमित्ताने कॅमेऱ्यामागे गेली. हा प्रसंग तिच्या चरित्रात सामान्यतः पत्नीच्या निष्ठेचे उदाहरण म्हणून सांगितला जातो. परंतु त्याचा आणखी एक अर्थ आहे. अपुऱ्या चित्रपटाची जुळणी करावयाची म्हणजे दुसऱ्याच्या मनातील आकृती ओळखून उरलेले भाग तिच्याशी सुसंगत करावयाचे. नट आयुष्यभर हेच करीत असतो. अभिनेत्री ही दिग्दर्शकाच्या हातातील केवळ साधन असते, या समजाला हा प्रसंग परस्पर उत्तर देतो.

८

१० नोव्हेंबर १९८९ रोजी झिव्कोवची सत्ता संपुष्टात आली. त्यानंतर चित्रपटांवरील राजकीय नियंत्रण गेले. परंतु शासकीय द्रव्यसाहाय्यही आटले. वर्षाकाठी अनेक कथापट निर्माण करणारा हा व्यवसाय थोड्याच काळात मोजक्या चित्रपटांवर येऊन ठेपला. अडविलेले जुने चित्रपट प्रेक्षकांना पाहावयास मिळू लागले, दिमोवच्या कादंबरीची मूळ संहिता छापली गेली. पण ज्या वयात अभिनेत्रीने स्वातंत्र्याचा लाभ घ्यावा ते वय निघून गेले होते आणि ज्या व्यवसायात तो घ्यावा तो व्यवसायच मोडकळीस आला होता. ३ जून २००० रोजी सोफिया येथे कोकानोवाचे निधन झाले.

आरंभी उपस्थित केलेल्या प्रश्नाकडे आता परत येता येईल. सर्व निर्णय इतरांच्या हाती असताना अभिनेत्रीच्या वाट्याला काय उरते? कोकानोवाच्या उदाहरणावरून दोन गोष्टी सांगता येतात. एक अशी की, संहितेची तपासणी करणाऱ्याला शब्द खोडता येतो, प्रसंग गाळता येतो, लीलेसारखे पात्र घालावयास लावता येते. पण नजरेची तपासणी त्याला आगाऊ करता येत नाही. कागदावर इरिना ही एका अधःपतित वर्गाची प्रतिनिधी होती. पडद्यावर ती एक स्त्री झाली. हा फरक कोणत्याही समितीने मंजूर केलेला नव्हता. दुसरी गोष्ट अशी की, असा फरक करण्याची संधी एकट्या गुणवत्तेने मिळत नाही. दिमोव, स्तानेव आणि दिमित्रोवा यांनी अशा स्त्रिया लिहिल्या नसत्या, रादेव आणि स्तोयानोव यांनी त्या चेहऱ्यावर विश्वास टाकला नसता आणि १९५६ नंतरच्या दशकात दार काहीसे उघडे नसते, तर कोकानोवा ही याम्बोलच्या किंवा सोफियाच्या रंगभूमीवरील एक चांगली नटी म्हणूनच राहिली असती. चित्रपट-कलावंताच्या इतिहासात व्यक्तीचे श्रेय आणि काळाचे ऋण यांची फारकत करता येत नाही, ती याच कारणामुळे.

तिच्या नायिकांविषयी एक गोष्ट मात्र निःसंशयपणे म्हणता येते. सुखाचा व्यक्तिगत हक्क हा शब्दप्रयोग ज्या काळात संशयास्पद होता, त्या काळात इरिना, लिझा आणि नेदा यांनी तो हक्क मागितला. तिघींनाही तो मिळाला नाही, आणि तो न मिळणे ही हानी आहे, हे लक्षावधी प्रेक्षकांना पटले. ज्या प्रांतिक नाट्यगृहात अठरा वर्षांची एक अशिक्षित उमेदवार नटी म्हणून ती दाखल झाली होती, त्या याम्बोलच्या नाट्यगृहाला आज नेवेना कोकानोवाचे नाव आहे.